पाटीवरचा आकडा आणि पेटीतला ऐवज

दिवाळी अंकातील समीक्षा म्हटली की कादंबरी, कवितासंग्रह किंवा नाटक हेच आपल्या डोळ्यांपुढे येते. या लेखाचा विषय मात्र मोटारीच्या डिक्कीत बसणारी ॲल्युमिनियमची एक जुनी पेटी आहे. १९८० ते १९९५ या सुमारास अमेरिकेत आणि जपानात तयार झालेला मोटारीचा ध्वनिवर्धक, म्हणजे ॲम्प्लिफायर. अशा वस्तूची समीक्षा होऊ शकते का, असा प्रश्न काही वाचकांना पडेल. माझ्या मते होऊ शकते. समीक्षेला चार गोष्टी लागतात : कोणी तरी कर्ता, त्याचा काळ, त्याची कारागिरी आणि त्या कृतीने केलेला एखादा दावा. या पेटीत चारही आहेत. दावा तर तिच्या पाटीवर आकड्यांतच कोरलेला असतो, आणि कोरलेला दावा तपासणे हे समीक्षकाचे पहिले काम.

हा विषय आज काढण्याचे कारण असे की या पेट्यांचा शौक पुन्हा वाढला आहे. तिकडे त्यांना 'ओल्ड स्कूल' असे लाडाचे नाव आहे. जन्म शाळेत काढलेल्या माझ्यासारख्याला हे नाव आवडावे यात नवल नाही. पण नाव आवडले म्हणून माल आवडावा असे थोडेच आहे? परदेशातून येणाऱ्या आप्तांच्या सामानातून किंवा जुन्या मोटारींबरोबर अशी एखादी पेटी आपल्याकडेही येते. घरातील तरुण मुलगा साठवलेले पैसे तिच्यावर खर्च करायला निघतो आणि वडील म्हणतात, "अरे, तीस वर्षांचं भंगार कशाला?" दोघांच्याही म्हणण्यात अर्धेअर्धे तथ्य आहे. उरलेले अर्धे शोधण्याचा हा प्रयत्न.

मुळात या पेटीची गरज का पडते? मोटारीची बॅटरी १२ व्होल्टची. इंजिन चालू असताना हा दाब साधारण १४ व्होल्टपर्यंत चढतो. स्पीकरचा रोध बहुधा ४ ओहम. आता आठवी-नववीच्या विज्ञानाइतके गणित करू. स्पीकरचे एक टोक जमिनीला बांधून दुसरे हलवले, तर या दाबात पाच-सहा वॅटच्या पुढे जाता येत नाही. दोन्ही टोके उलटसुलट हलवली, ज्याला 'ब्रिज' जोडणी म्हणतात, तर हा आकडा वीसच्या आसपास पोचतो. मोटारीच्या टेपसाठी घराघरांत पोचलेली टीडीए २००५ ही चिप २० वॅटची म्हणून ओळखली जात असे, ती याच हिशेबाने. घागरीत असेल तेवढेच पाणी पेल्यात येणार. कारागीर कितीही हुशार असला तरी १४ व्होल्टमधून ४ ओहमच्या एका स्पीकरला ५० वॅट मिळणार नाहीत. ५० वॅटसाठी वर २० आणि खाली २०, असा ४० व्होल्टचा पल्ला लागतो.

म्हणून या पेटीत दोन यंत्रे नांदत असतात. एक गाणे मोठे करणारे. दुसरे त्याच्यासाठी वीज वर चढवणारे. दुसरे यंत्र म्हणजे विहिरीवरचा रहाट समजा. बॅटरीचा सरळ प्रवाह ट्रान्झिस्टरच्या साह्याने सेकंदाला हजारो वेळा तोडायचा, कड्याच्या आकाराच्या रोहित्रातून तो वर चढवायचा आणि पुन्हा सरळ करून कॅपॅसिटरच्या हौदात साठवायचा. युक्ती तशी जुनीच. १९३० च्या दशकातील व्हॉल्व्हच्या कार-रेडिओंनाही मोठा दाब लागत असे, आणि तो मिळवण्यासाठी त्यांत थरथरणारी एक पट्टी बसवलेली असे. तिची घुर्रघुर्र कान देणाऱ्याला ऐकू येई. ट्रान्झिस्टरने ती थरथर कानाच्या कक्षेपलीकडे नेली, एवढाच फरक. जुन्या पेटीची खरी परीक्षा या रहाटाशी होते. गाणे मोठे करणारा भाग बहुतेकांना साधलेला होता. कस लागला तो ओझे आल्यावरही पाणी तुटू न देण्यात.

कर्त्यांपैकी एकाचे नाव घेतलेच पाहिजे. ॲरिझोनातील जिम फॉसगेट यांनी १९७३ मध्ये मोटारीसाठी 'फ्रिक्वेन्सी एनर्जायझर' नावाचे यंत्र बनवले. पुढे रॉकफोर्ड फॉसगेट या नावाने त्यांच्या 'पंच' मालिकेतील पेट्या प्रसिद्धीस आल्या. घरात बसून चहूबाजूंनी आवाज ऐकवणाऱ्या 'डॉल्बी प्रो लॉजिक टू' या पद्धतीचे कर्तेही हेच. २०२२ मध्ये ते गेले. त्यांच्या पेट्यांपैकी 'पंच ४५' ही आमच्या विषयाच्या दृष्टीने बोधप्रद आहे. नावातील ४५ हा आकडा दोन्ही बाजूंची बेरीज. म्हणजे एका बाजूला फक्त साडेबावीस वॅट. आजच्या जाहिरातींपुढे हा आकडा अगदी गरीब दिसतो. तरीही ती पेटी ऐकणारे 'ही साडेबावीसची वाटत नाही' असे म्हणत. याचे एक कारण सरळ आहे. त्या काळी अनेक कंपन्या आपला आकडा १२ व्होल्टच्या आसपास मोजून देत. गाडी चालू असताना दाब १४ च्या घरात असे, आणि पेटीला सांगितल्यापेक्षा जास्त देता येई.

या मालिकेतील पेट्यांसोबत पुढे एक कागद येऊ लागला. त्यावर त्या विशिष्ट पेटीची कारखान्यातील चाचणीत मोजलेली शक्ती लिहिलेली असे. त्याला ते 'जन्मदाखला' म्हणत. दरवर्षी जूनमध्ये शेकडो जन्मदाखले तपासणाऱ्या माणसाला ही कल्पना मोहक वाटली तर ते क्षम्य समजावे. 'या जातीच्या पेट्या साधारण इतके देतात' असे सांगणे निराळे आणि 'ही पेटी अमुक दिले' असे लिहून देणे निराळे. लिहून देणारा बांधला जातो.

याच काळात आपल्याकडे काय चालले होते ते आठवून पाहा. टू-इन-वन आणि टीव्हीच्या खोक्यांवर 'पीएमपीओ' ही चार अक्षरे झळकत होती. हातात मावणाऱ्या यंत्रावर शेकडो वॅट लिहिलेले असत. ही शक्ती किती वेळ टिकते, किती विकृतीसह मोजली, कोणी मोजली, याचा पत्ता नाही. क्षणाच्या कितव्या भागात आलेला शिखराचा ठिपका धरायचा, त्याला हवे त्याने गुणायचे आणि खोक्यावर छापायचे. जीप-ट्रॅक्समधून आणि खासगी बसमधून लुकलुकत्या दिव्यांचे 'इक्वलायझर बूस्टर' बसले, त्यांची कथाही वेगळी नव्हती. सरकपट्ट्या सात, दिवे दहा, आणि आवाज मात्र त्याच घागरीतला. आकड्यावर विश्वास ठेवू नये, हा धडा एका पिढीला या खोक्यांनी दिला. आणि तो धडा इतका पक्का बसला की खरा आकडा समोर आला तरी आपण त्याला नाक मुरडू लागलो.

मग जुन्या अमेरिकन पेट्या प्रामाणिक आणि बाकीचे सगळे लबाड, असे म्हणून मोकळे व्हावे काय? इथेच घाई नको. ओरायन कंपनीची '२२५ एचसीसीए' ही त्या काळची गाजलेली पेटी पाहा. पाटीवर ४ ओहमला प्रत्येक बाजूस २५ वॅट, म्हणजे विनयाची मूर्तीच. पण ती बांधली होती अर्ध्या ओहमपर्यंतचे ओझे पेलण्यासाठी. रोध निम्मा झाला की आदर्श स्थितीत शक्ती दुप्पट होते. चारावरून अर्ध्यावर येताना तीनदा निम्मे, म्हणजे आठपट. पंचवीसचे दोनशे! त्या काळी तिकडे मोटारींच्या आवाजाच्या स्पर्धा भरत आणि त्यांतील गट पाटीवरच्या आकड्यावरून ठरत. पंचविशीच्या पाटीची ही पेटी घेऊन माणूस लहान गटात उतरे आणि मोठ्या गटाचे काम करी. कमी सांगणे हा नेहमीच विनय नसतो. वय कमी दाखवून लहान गटात खेळणारे विद्यार्थी आम्ही क्रीडास्पर्धांत पाहिले आहेत. त्यांना कोणी विनयशील म्हणत नाही. अभियांत्रिकी म्हणून ही पेटी मोठ्या तोलामोलाची होती, यात शंका नाही. तिची पाटी मात्र खोट्याच्या सीमेवर उभी होती. जास्त सांगणारा आणि कमी सांगणारा, दोघेही श्रोत्याला काही तरी लपवतात.

२००३ मध्ये अमेरिकेतील ग्राहकोपयोगी इलेक्ट्रॉनिक्सच्या संघटनेने यावर तोडगा काढला. 'सीईए-२००६' असे त्या मानकाचे नाव. त्यातील आकडा सालाचा नव्हे, आकडे कसे फसवतात याचा हाही एक नमुना! दाब १४.४ व्होल्ट, रोध ४ ओहम, विकृती १ टक्क्याच्या आत, अशा ठरलेल्या अटींवर मोजायचे आणि मग छापायचे. मानक ऐच्छिक आहे, सक्तीचे नाही. तरीही एक गोष्ट झाली. दोन पाट्या शेजारी ठेवून तुलना करता येऊ लागली. जुन्या पेटीच्या बाबतीत ही सोय नाही. तिथे आकडा कोणत्या दाबाला, किती ओहमला आणि किती विकृतीला, हे तीन प्रश्न विचारल्याशिवाय पुढे जाऊ नये.

आता सर्वांत नाजूक मुद्दा. जुन्या पेटीचा आवाज 'उबदार' असतो, 'भरीव' असतो, नव्याचा 'कोरडा' असतो, असे शौकीन सांगतात. ही भाषा मला फार ओळखीची आहे. आमच्या मराठी समीक्षेतही 'आशयघन', 'तरल', 'अंतर्मुख' असे शब्द वर्षानुवर्षे फिरत आहेत, आणि ते कोणत्याही पुस्तकाला बसतात. शब्द खोटा असतोच असे नाही. पण तो तपासून घेण्याची सोय नसली की तो पुढे नुसता शिक्का होतो.

आवाजाच्या बाबतीत ही सोय एका माणसाने करून ठेवली. रिचर्ड क्लार्क हे अमेरिकेतील मोटार-ध्वनीच्या क्षेत्रातील नावाजलेले तज्ज्ञ. त्यांनी दहा हजार डॉलरचे आव्हान जाहीर केले. कोणतेही दोन ॲम्प्लिफायर आणा; दोघांचा आवाज काटेकोरपणे समान पातळीवर आणू; दोन्ही आपापल्या कुवतीच्या आत चालवू; एखाद्याने सूर मुद्दाम वरखाली केला असेल तर तोही सारखा करून घेऊ; मग पडद्याआड अदलाबदल करू आणि तुम्ही केवळ कानाने ओळखा. चोवीसपैकी चोवीस वेळा बरोबर आले की पैसे तुमचे. पुष्कळांनी प्रयत्न केले. पैसे कोणालाही नेता आले नाहीत.

याचा अर्थ सगळे ॲम्प्लिफायर सारखे, असा काढू नये. अर्थ एवढाच की निरोगी यंत्रे कुवतीच्या आत चालत असताना त्यांच्यातील फरक आपल्या कानाच्या पकडीत येत नाही. फरक दिसतो तो कुवत संपल्यावर, खरखर आल्यावर, किंवा स्पीकरचे ओझे न पेलल्यावर. शिवाय दोन आवाजांपैकी किंचित मोठा असलेला आपल्याला नेहमी 'चांगला' वाटतो, मोठा नव्हे. ही कानाची जुनी खोड आहे. म्हणून 'उबदार' आवाजाचे श्रेय जुन्या पेटीला देण्याआधी विचारावे : आवाजाची पातळी सारखी होती का? स्पीकर तेच होते का? आणि पाटी झाकलेली होती का? माझे स्वतःचे मत असे की त्या उबेतील मोठा वाटा तारुण्याचा असतो. विसाव्या वर्षी ऐकलेले गाणे ज्या पेटीतून आले ती पेटी गोड वाटणारच. त्यात वाईट काही नाही. पण ती गोडी आपली आहे, पेटीची नव्हे, हे कळले की किंमत देताना डोके ठिकाणावर राहते.

आवाजाचा दावा असा गळून पडला, तर उरते काय? माझ्या मते बरेच काही उरते, आणि जे उरते ते अधिक भरवशाचे आहे.

आमच्या गावातील एका दुरुस्तीवाल्याच्या टेबलाशी मी रिकाम्या वेळी बसत असतो. घरी कन्नड आणि गिऱ्हाइकाशी मराठी बोलणारा हा माणूस जुनी पेटी उघडली की हमखास म्हणतो, "सर, हळेदु गट्टी." जुने ते पक्के. त्याचे बोट ज्या गोष्टींवर फिरते त्या मी पाहिल्या आहेत : जाड तांब्याचा वेढा असलेले रोहित्र, छिद्रांतून आरपार घालून डाग दिलेले सुटे भाग, प्रत्येक भागावर छापलेला क्रमांक, आणि सगळ्याची उष्णता बाहेर टाकणारे पन्हाळीदार ॲल्युमिनियमचे जाड कवच. हे कवच शोभेचे नाही. या पद्धतीच्या यंत्रात घेतलेल्या विजेतील जवळजवळ निम्मी उष्णतेत जाते. ती बाहेर टाकली नाही तर ट्रान्झिस्टर जळतात. शरीर हेच तिथे कामाचे साधन आहे. काहींनी त्याच शरीराला कलेचा विषयही केले. प्रिसिजन पॉवर कंपनीने १९९० च्या दशकात 'आर्ट' मालिकेत पांढऱ्या कवचावर रंगीत चित्रे छापली. डिक्कीच्या अंधारात बसणाऱ्या वस्तूवर चित्र काढावेसे वाटणे, यात मला त्या काळच्या आत्मविश्वासाचे दर्शन होते.

पण 'हळेदु गट्टी' या वाक्यालाही एक प्रश्न विचारला पाहिजे. जुन्यांपैकी जे कच्चे होते ते कुठे गेले? ते केव्हाच भंगारात गेले. आज आपल्यापर्यंत पोचले ते टिकणारे होते म्हणूनच पोचले. जुने साहित्य थोर वाटते त्याचेही एक कारण हेच. शंभर वर्षांपूर्वी छापलेली टाकाऊ पुस्तके आज कोणी आपल्यापुढे ठेवत नाही. तेव्हा जुन्या काळातील सगळे कारागीर सचोटीचे होते, असे अनुमान काढणे चुकीचे. त्या काळीही पोकळ कवचाच्या आणि फुगवलेल्या आकड्यांच्या पेट्या निघतच होत्या. आणि नव्याला एकजात नावे ठेवणेही अन्यायाचे. आजच्या 'क्लास डी' यंत्रात शेकडा ८० ते ९० वीज कामी येते. पेटी लहान, गरम कमी, बॅटरीवर भार कमी. छोट्या गाडीच्या मालकाने नवी पेटी घेतली तर तो शहाणाच म्हणावा.

जुन्या पेटीची श्रेष्ठता एका गोष्टीत नक्की आहे : ती उघडता येते, समजून घेता येते आणि दुरुस्त करता येते. आजच्या यंत्रात मोहरीएवढे भाग यंत्रमानवाने चिकटवलेले असतात. बिघडले की बहुधा सारा फलक बदलायचा. जुन्या पेटीतील जळालेला ट्रान्झिस्टर गावातला माणूस शोधू शकतो, काढू शकतो, त्याच्या बरोबरीचा लावू शकतो. जी वस्तू आपल्याच गावात पुन्हा उभी राहू शकते ती खऱ्या अर्थाने आपली होते. निवड करताना मी या कसोटीला पहिला क्रमांक देईन.

निवडीच्या बाकीच्या कसोट्या थोडक्यात सांगतो. प्रथम आपली गरज किती ते पाहावे. साधारण स्पीकर १ वॅटला १ मीटरवर ९० डेसिबलच्या आसपास आवाज देतो. १० वॅटला १००. शक्ती दुप्पट केली तर वाढतात केवळ ३ डेसिबल. कानाला आवाज दुप्पट वाटायला दहापट शक्ती लागते. म्हणजे ५० आणि १०० वॅटच्या पेट्यांतील फरक खिशाला मोठा आणि कानाला बेताचा. मोटारीसारख्या लहान जागेत गाणे ऐकायला सरासरी दोन-चार वॅट पुरतात. उरलेली शक्ती एखाद्या उसळत्या तानेसाठी किंवा पखवाजाच्या थापेसाठी राखीव ठेवायची. प्रत्येक बाजूस ३० ते ५० खरे वॅट असले की कुटुंबाच्या गाडीला भरपूर झाले.

मग पेटी हातात घ्यावी आणि खालचे झाकण उघडायला सांगावे. विकणारा नको म्हणाला तर नमस्कार करून परतावे. आत करपलेला वास, फलकावर तपकिरी डाग, फुगलेले किंवा बुडाशी ओलसर दिसणारे कॅपॅसिटर, एकाच रांगेतील निरनिराळ्या जातीचे ट्रान्झिस्टर, झिजलेली स्क्रूची डोकी, ही सगळी पूर्वीच्या अपघातांची लक्षणे. एखादा भाग बदललेला असणे हा दोष नव्हे. तो निष्काळजीपणे बदललेला असणे हा दोष. प्रथम वीज जोडताना प्रवाहाला मर्यादा घालणारा पुरवठा वापरावा किंवा लहान फ्यूज घालावा. गाणे न लावता स्पीकरच्या टोकांवर सरळ दाब मोजावा. तो काही दशक मिलिव्होल्टच्या आत असावा. व्होल्टमध्ये दिसला तर ती पेटी तुमचे स्पीकर जाळणार. रिकामी असतानाच काही मिनिटांत चटका बसण्याइतकी तापली तर ती आजारी आहे. बटणे फिरवताना येणारी खरखर मात्र साफसफाईने जाते. तिच्यावरून भाव पाडावा, पेटी नाकारू नये.

शेवटी ऐकावे, आणि ओळखीचे ऐकावे. आपल्या या पट्ट्यातील माणसाला ओळखीच्या आवाजांची वाण नाही. सुळेभावीत जन्मलेले कुमार गंधर्व, मनसूरचे मल्लिकार्जुन अण्णा, गदगचे भीमसेन जोशी. भीमसेनांचा मराठी अभंग आणि त्यांचेच कन्नड दासपद एकामागून एक लावावे. दोन्हींत आवाज तोच, तंबोरा तोच, भाषा निराळी. चांगली पेटी दोन्ही भाषांतील व्यंजने सारख्याच स्वच्छपणे पोचवते. तंबोऱ्याच्या झंकारामागे जर सूं-सूं येत असेल तर ती टेपची आहे की पेटीची, हे गाणे थांबवून पाहावे.

घेतल्यानंतरचा संसार हा निवडीपेक्षा लांबचा. पहिला नियम, बॅटरीपासून वीतभर-हातभर अंतरातच फ्यूज असावा. हा फ्यूज पेटीसाठी नसून गाडीला आग लागू नये म्हणून असतो. वायर कुठे घासून उघडी पडली तर तोच वाचवतो. दोन्ही बाजूंना ५० वॅटची पेटी पूर्ण ताकदीने चालली तर साधारण २०० वॅट ओढते, म्हणजे १४-१५ अँपियर. गाण्यात सरासरी यापेक्षा पुष्कळ कमी असते, तरी वायर या शिखरासाठी जाड हवी. अर्थिंग जवळच्या पत्र्याला, रंग खरवडून, घट्ट. इंजिनाच्या वेगाबरोबर चढउतार करणारी शिट्टी ऐकू आली तर बहुतेक वेळा दोष अर्थिंगचा असतो, पेटीचा नव्हे. 'गेन' नावाचे बटण म्हणजे आवाजाचे बटण नव्हे. टेपच्या सुराशी पेटीचा सूर जुळवून ते एकदाच लावायचे आणि विसरून जायचे. लोक ते टोकाला नेतात, आणि खरखर आली की पेटीला दोष देतात.

खरा शत्रू काळ आणि उष्णता. इलेक्ट्रोलायटिक कॅपॅसिटरचे आयुष्य तासांत सांगितलेले असते, उदाहरणार्थ १०५ अंशांवर २,००० तास. तापमान १० अंशांनी उतरले की आयुष्य साधारण दुप्पट होते. ६५ अंशांवर हेच ३२,००० तास. यातून घ्यायचा अर्थ उघड आहे : पेटीला वारा द्या. सतरंजीखाली, सीटच्या स्पंजाला टेकवून ती कोंडू नये. ग्वाल्हेर-हैदराबादच्या उन्हाळ्यात बंद गाडीत ही काळजी दुप्पट घ्यावी. गोव्याच्या खाऱ्या हवेत आणि आमच्या बेळगावच्या पावसाळी ओलीत टोके गंजतात. वर्षातून एकदा, दसऱ्याला गाडी धुण्याच्या निमित्ताने, ती उघडून पुसून घट्ट करावीत. तीस वर्षांच्या पेटीतील कॅपॅसिटर आणि ट्रान्झिस्टरखालची वाळलेली मलमपट्टी एकदा बदलून घेणे हा खर्च किमतीतच धरावा. तो धरून पेटी महाग पडत असेल तर ती महागच आहे.

एक गोष्ट मात्र कोणत्याच पाटीवर लिहिलेली नसते. ८५ डेसिबल आवाजात आठ तास, ही कानाची सुरक्षित मर्यादा मानली जाते. पुढे दर ३ डेसिबलला हा वेळ निम्मा होतो. १०० डेसिबलला उरतात फक्त पंधरा मिनिटे. आपण वर पाहिले की दहा वॅटही तिथवर नेतात. मागच्या सीटवर लहान मूल असते, त्याला बटणापर्यंत हात पोचत नाही आणि तक्रार करायला शब्द नसतात. पेटीतील राखीव शक्ती तानेसाठी असते, सगळा वेळ वापरण्यासाठी नव्हे. ही शक्ती असूनही बटण मध्यावर ठेवणारा माणूसच तिचा खरा मालक.

दोन भाषांच्या घरात तर याला आणखी एक अर्थ आहे. आजोबांना नाट्यगीत हवे असते, सुनेला माहेरचे भावगीत, नातवाला कन्नड सिनेमातले नवे गाणे. बटण टोकाला असले की गाडीत एकाचेच राज्य चालते. मध्यावर असले की गाणेही ऐकू येते आणि 'या ओळीचा अर्थ काय?' हा प्रश्नही. आमच्या भागातील कितीतरी मुले दुसरी भाषा अशाच प्रश्नांतून शिकली आहेत.

तेव्हा निकाल असा. जुनी पेटी घ्यावी, पण आकड्यासाठी नाही आणि उबेसाठीही नाही. तिने सांगितले तेवढे दिले आहे का, ती उघडते का, आणि आपल्या गावात तिला दुरुस्त करणारा हात आहे का, एवढे पाहून घ्यावी. तिन्ही उत्तरे 'हो' असली तर वडिलांनी मुलाला अडवू नये. एक जरी 'नाही' असले तर मुलाने वडिलांचे ऐकावे आणि नवी, लहान, कमी तापणारी पेटी आणावी. भीमसेनांच्या आवाजाला त्याने काही उणे येणार नाही. आणि दोन्ही ऐकून ठरवायचे असेल, तर ऐकण्याआधी पाटीवर एक रुमाल टाकावा.